टप... टप... टप... : शॉवरचा झिजलेला व्हॉल्व्ह घरच्या घरी बदलताना

आपल्या मासिकात दरवर्षी रोबोट, उपग्रह, नॅनो टेक्नॉलॉजी यांवर लेख येतात. ते यायलाच हवेत. पण चार वर्षे फ्लुइड मेकॅनिक्स, मशीन डिझाईन आणि मटेरियल सायन्स घोकून डिस्टिंक्शन मिळवणारा आपला इंजिनीअर सुट्टीत घरी जातो, आई म्हणते, "अरे, बाथरूमचा शॉवर गळतोय, बघ जरा," आणि साहेब उत्तर देतात, "प्लंबरला फोन कर." तेव्हा या वर्षी एक साधा विषय. शॉवरचा व्हॉल्व्ह. त्यात तुमच्या सिलॅबसमधली निदान पाच-सहा प्रकरणे दडलेली आहेत आणि तो बदलायला एक पाना, एक स्क्रू ड्रायव्हर आणि तासभर वेळ पुरतो.

उदाहरणासाठी गाव घेतले आहे अक्कलकोट. आपल्यातले कितीतरी जण सोलापूर जिल्ह्यातले. शिवाय नळाची खरी परीक्षा जिथे पाणी कमी आणि माणसे जास्त अशाच गावात होते. अक्कलकोटला स्वामी समर्थांच्या दर्शनासाठी वर्षभर माणसांची रीघ असते. गुरुवारी, प्रकटदिनाला, गुरुपौर्णिमेला तर विचारूच नका. भक्तनिवास, लॉज, धर्मशाळा सगळे भरलेले. म्हणजे तिथल्या शॉवरच्या चावीला रोज नवा हात. ही चावी कुठल्या बाजूला फिरते, हे प्रत्येक नवा पाहुणा जोर लावूनच शोधतो! घरातला व्हॉल्व्ह काही वर्षांत जेवढा झिजतो तेवढा लॉजमधला फार लवकर झिजतो.

थेंबांचा हिशेब

"एवढ्याशा थेंबाने काय होतंय?" असे म्हणणाऱ्यांसाठी थोडे गणित. साधारण वीस थेंबांचा एक मिलिलिटर धरा. सेकंदाला एक थेंब पडला तर दिवसाला ८६,४०० थेंब, म्हणजे ४.३ लिटर. महिन्याला १३० लिटर. हा झाला 'किरकोळ' गळका शॉवर.

आता बारीक धार घ्या. दहा मिनिटांत एक लिटरचा तांब्या भरत असेल तर दिवसाला १४४ लिटर जातात. केंद्र सरकारच्या जलजीवन मिशनमध्ये (२०१९) ग्रामीण भागासाठी माणशी दिवसाला ५५ लिटर पाण्याचे उद्दिष्ट धरले आहे. म्हणजे या एका धारेत अडीच माणसांचे पाणी मोरीत गेले.

थिअरीवाल्यांसाठी आणखी एक. व्हॉल्व्हच्या सीटवर १ मिलिमीटर व्यासाचे भोक पडले आहे आणि टाकीतले पाणी त्याच्या ५ मीटर वर आहे असे समजा. टॉरिसेलीच्या नियमाने पाण्याचा वेग सेकंदाला सुमारे ९.९ मीटर येतो. डिस्चार्ज कोएफिशंट ०.६ धरला तर सेकंदाला ४.७ मिलिलिटर, म्हणजे दिवसाला ४०० लिटर! एका मिलिमीटरने रात्रीत टाकीची पातळी का उतरते ते यावरून कळेल.

हे आकडे आपल्याकडे नुसते आकडे राहत नाहीत. सोलापूर जिल्हा पर्जन्यछायेचा. वर्षाचा सरासरी पाऊस साडेपाचशे मिलिमीटरच्या आसपास, आणि तोही लहरी. अक्कलकोटला पाणी मिळते ते बोरी नदीवरच्या कुरनूर धरणातून. धरण भरले तर आनंद, नाही भरले तर नळाला पाणी कधी येणार याचीच गल्लीत चर्चा. शेजारच्या लातूरची गोष्ट तर सगळ्यांना आठवत असेल. एप्रिल २०१६ मध्ये मिरजेहून रेल्वेने पाणी आणावे लागले होते. पहिल्या गाडीत दहा वॅगन होत्या आणि पाणी होते सुमारे पाच लाख लिटर. आता मघाचा हिशेब पुन्हा काढा. बारीक धारेने गळणारे शंभर शॉवर पस्तीस दिवसांत तेवढीच एक गाडी रिकामी करतात. शंभर शॉवर म्हणजे फार नाहीत. दोन-तीन मोठी लॉज, नाहीतर आपले एक हॉस्टेल!

आत आहे तरी काय?

बाहेरून आपल्याला दिसते फक्त चावी आणि तिच्यामागची चकचकीत वाटी (फ्लँज). खरा कारभार भिंतीच्या आत. बॉडी पितळेची असते आणि ती पाइपाला कायमची जोडलेली असते. बॉडीत आट्यांवर बसवलेला जो भाग फिरतो तो स्पिंडल. नव्वद टक्के वेळा 'व्हॉल्व्ह खराब झाला' याचा अर्थ 'स्पिंडल खराब झाला' एवढाच असतो. बॉडी ठणठणीत असते. त्यामुळे भिंत फोडायची, टाइल्स काढायची गरज नसते. हे एक वाक्य लक्षात ठेवले तरी लेख वाचल्याचे सार्थक झाले!

स्पिंडलचे मुख्य दोन प्रकार.

पहिला जुना, वायसरवाला. चावी फिरवली की स्क्रू पुढे सरकतो, त्याच्या टोकाचा रबरी वायसर (शुद्ध भाषेत वॉशर) पितळी सीटवर दाबला जातो आणि पाणी बंद होते. इंग्लंडमधल्या रॉदरहॅम गावच्या गेस्ट अँड क्राइम्स या पितळेच्या कारखान्याने १८४५ साली या नळाचे पेटंट घेतले. जवळपास पावणेदोनशे वर्षे झाली, तरी कल्पना तीच. ही चावी बंद करायला तीन-चार वेढे फिरवावी लागते.

दुसरा नवा, सिरॅमिक डिस्कचा. याला दुकानात 'क्वार्टर टर्न' किंवा 'हाफ टर्न' म्हणतात. आत ॲल्युमिनाच्या दोन चकत्या एकमेकींवर घट्ट बसलेल्या असतात. दोघींना भोके असतात. भोकासमोर भोक आले की पाणी सुरू, भोकासमोर सपाट भाग आला की बंद. पाणी अडवायचे काम इथे रबराचे नाही, आरशासारख्या घासलेल्या दोन पृष्ठभागांचे. ॲल्युमिनाचा कठीणपणा मोहस् स्केलवर ९ आणि वाळूचा ७. म्हणून ही चकती सहसा घासून जात नाही. पण ती ठिसूळ असते. शिवाय दोन चकत्यांमध्ये खडा अडकला किंवा क्षार साचले की तिचेही काही खरे नाही.

झिजतो कशाने?

चार शत्रू आहेत.

एक, गाळ. पावसाळ्याच्या सुरुवातीला नदीला नवे पाणी येते तेव्हा ते गढूळ असते. त्यातले बारीक कण टाकीच्या तळाशी बसतात. टाकी वर्षानुवर्षे धुतली नाही की ते थेट व्हॉल्व्हमध्ये. वायसर पूर्ण न दाबता चावी अर्धवट बंद ठेवली, तर बारीक फटीतून पाणी वेगाने निघते आणि त्याबरोबरचे कण पितळेवर खाच पाडतात.

दोन, क्षार. काळ्या पाषाणातल्या बोअरचे पाणी बहुतेक ठिकाणी जड. बादलीवर, नळाच्या तोंडावर पांढरा थर दिसतो तो मुख्यतः कॅल्शियम कार्बोनेटचा. पिण्याच्या पाण्याच्या भारतीय मानकात (आयएस १०५००) एकूण कठीणपणा लिटरला २०० मिलिग्रॅमपर्यंत योग्य मानला आहे आणि दुसरा स्रोतच नसेल तर ६०० पर्यंत सूट आहे. पाणी तापवले की बायकार्बोनेट फुटते, कार्बन डायऑक्साइड उडून जातो आणि कार्बोनेटचा साका उरतो. म्हणून गरम पाण्याच्या चावीत थर जास्त साचतो.

तीन, उष्णता. सोलापूरकडे उन्हाची कमतरता नाही, तेव्हा गच्चीवर सोलर आलेच. त्यातले पाणी सहज साठ अंशांच्या पुढे जाते. साधे रबर त्या उष्णतेने कडक होते, त्याला भेगा पडतात. घरात दोन चाव्या एकाच दिवशी बसवल्या तरी लाल खुणेची आधी जाते, ती यामुळेच.

चार, आपला हात! हा सगळ्यात मोठा शत्रू. हिशेब पाहा. टाकीतले पाणी शॉवरच्या चावीपेक्षा ५ मीटर वर असेल तर दाब चौरस सेंटिमीटरला अर्धा किलो. सीटच्या भोकाचा व्यास १२ मिलिमीटर धरला तर क्षेत्रफळ सुमारे १.१ चौ. सेंमी. म्हणजे पाणी अडवायला वायसरवर जेमतेम अर्धा-पाऊण किलोचा जोर पुरतो. आपण काय करतो? तीन सेंटिमीटर त्रिज्येच्या चावीला पाच किलोचा जोर लावून पिळतो. स्क्रूचा पिच २ मिलिमीटर धरा. वेलॉसिटी रेशो ९४ येतो. घर्षणात पाचातले चार भाग गेले असे धरले तरी वायसरवर नव्वद किलोच्या आसपास भार येतो. गरजेच्या दीडशे पट! मग वायसर चिरडला की गळते, गळते म्हणून आणखी पिळायचे, पिळले की आणखी चिरडते. असे हे दुष्टचक्र.

आधी निदान, मग ऑपरेशन

पाना हातात घेण्याआधी पाच मिनिटे नुसते बघा.

• शॉवर बंद केल्यावर दोन-चार मिनिटे थेंब पडून थांबत असतील तर व्हॉल्व्ह निर्दोष आहे. जाळीत आणि नळीत अडकलेले पाणी सावकाश उतरत असते. वीस मिनिटांनंतरही टपटप चालू असेल तर मात्र केस खरी.

• गळणारे पाणी कोमट आहे की गार, हे हाताने पाहा. कोमट असेल तर गरम बाजूचा स्पिंडल, गार असेल तर गारची बाजू. दोन्ही तोट्यांचा वॉल मिक्सर असेल तर एकेका बाजूचे पाणी बंद करून खात्री करा.

• शॉवरमधून नाही, पण चावीच्या मुळातून पाणी झिरपतेय? मग वायसर नव्हे, स्पिंडलवरची ओ-रिंग किंवा ग्लँडचे पॅकिंग गेले. जुन्या प्रकारात ग्लँडचा नट पाव वेढा आवळला तरी काम भागते.

• चावी गोल गोल फिरतच राहते? एक तर चावीच्या आतले दाते झिजले किंवा स्पिंडलचे आटे गेले. चावी काढून स्पिंडल पक्कडीने फिरवून पाहा. तो नीट बंद होत असेल तर दोष फक्त चावीचा.

• पाणीच कमी येते? व्हॉल्व्हला दोष देण्याआधी शॉवरची जाळी काढून तपासा. क्षारांनी भोके बुजलेली असतात. सायट्रिक ॲसिडच्या (किराणा दुकानात 'लिंबूसत्व' म्हणून मिळते) कोमट पाण्यात रात्रभर ठेवा, सकाळी टूथब्रशने घासा.

• गार पाण्याच्या नळाला आपोआप गरम येते, किंवा उलट? मिक्सरच्या दोन्ही चाव्या उघड्या आणि पुढचे तोंड बंद, असे असले की ज्या बाजूचा दाब जास्त ती दुसरीत घुसते. हा झिजल्याचा दोष नाही, वापराचा आहे.

सामान

ॲडजस्टेबल पाना (शक्यतो बॉक्स पाना, कारण कन्सिल्ड व्हॉल्व्हचा षटकोन भिंतीत खोल असतो), चपटा आणि फुलीचा असे दोन स्क्रू ड्रायव्हर, पक्कड, टेफ्लॉन टेप, जुना टूथब्रश, एक फडके, एक बादली, बॅटरी. आणि अर्थातच नवा स्पिंडल.

स्पिंडल आधी विकत घेऊन ठेवू नका. जुना काढा, हातात घ्या आणि मग दुकानात जा. हार्डवेअरच्या दुकानात साधारण असा संवाद होतो :

"अर्धा इंचीचा स्पिंडल द्या."

"कुठल्या कंपनीचा, मालक? वायसरचा का सिरॅमिकचा? दाते किती? लांबी किती? गरमचा का गारचा?"

"..."

"जुना पीस घेऊन या मालक, मग बोलू."

दुकानदाराचे म्हणणे शंभर टक्के बरोबर. पाइप अर्धा इंची (आपल्या मिस्त्री लोकांच्या भाषेत चार सूत) असला तरी स्पिंडलचे आटे, चावी बसते तिथल्या दात्यांची संख्या आणि दांड्याची लांबी कंपनीगणिक बदलते. सिरॅमिकमध्ये तर डावा आणि उजवा असे दोन प्रकार येतात. चुकीचा घेतला तर चावी उलटी फिरते. जुना पीस शेजारी ठेवून चार गोष्टी जुळवायच्या : आटे, दाते, लांबी, फिरण्याची दिशा. वायसरवाला असेल आणि बाकी स्पिंडल चांगला असेल तर नुसता वायसरही मिळतो. गरम बाजूसाठी आहे असे सांगून उष्णतेला टिकणारा मागा.

प्रत्यक्ष कृती

१. वेळ निवडा. ज्या गावात पाणी काही दिवसांआड येते तिथे हा मुद्दा महत्त्वाचा. पाण्याची पाळी येण्याच्या आदल्या दिवशी काम काढा. टाकी बरीच रिकामी असते, त्यामुळे टाकीखालचा कॉक गंजून अडकला असला तरी फारसे पाणी वाया न घालवता टाकी उतरवता येते. पिण्याचे आणि सांडायचे पाणी आधी भरून ठेवा. दुकान उघडे असेल अशी वेळ निवडा. रविवारी संध्याकाळी सात वाजता शॉवर खोलणाऱ्याला देवच वाचवो!

२. पाणी बंद करा. टाकीखालचा गेट व्हॉल्व्ह बंद. सोलर असेल तर इथे अनेकांची गल्लत होते. गारचा कॉक बंद केला तरी सोलरच्या टाकीतले गरम पाणी खाली उतरतच राहते. म्हणून सोलरकडून येणारा गरम पाण्याचा कॉकही बंद करा. गिझर असेल तर त्याचे बटन बंद. मग बाथरूममधला सगळ्यात खालचा नळ उघडून लाइन रिकामी होऊ द्या. ते पाणी बादलीत धरा. लाइनमध्ये गरम पाणी असेल तर ते निवेपर्यंत थांबा. भाजून घेण्यात कसले आले इंजिनीअरिंग!

३. मोरीची जाळी फडक्याने झाका. चावीचा स्क्रू हातातून सुटतो तो थेट जाळीच्या भोकातच जातो, हा न्यूटनला न सुचलेला नियम आहे.

४. चावी काढा. चावीवरची लाल-निळी टोपी स्क्रू ड्रायव्हरच्या टोकाने हळूच उचला. खाली स्क्रू असतो. काही चाव्यांना बाजूने बारीक ॲलन स्क्रू असतो. स्क्रू काढून चावी सरळ बाहेर ओढा. क्षारांनी धरली असेल तर ठोकू नका. लिंबूसत्वाच्या पाण्यात भिजवलेले फडके अर्धा तास गुंडाळून ठेवा, आम्ल कार्बोनेट विरघळवते आणि चावी सुटते.

५. वाटी काढा. ती आट्यांवर असते नाहीतर नुसती सरकवलेली. पक्कड लावायची झाल्यास मध्ये फडके धरा, म्हणजे क्रोमवर ओरखडे येणार नाहीत.

६. स्पिंडल सोडवा. आधी स्पिंडल अर्धा उघडा करा. मग षटकोनावर पाना नीट बसवून घड्याळाच्या उलट दिशेने फिरवा. इथे हात जपून. जोर हळूहळू वाढवा, धक्का देऊ नका. आतला पाइप जीआयचा असेल तर थोडे सहन करतो, पण सीपीव्हीसीचा असेल तर बॉडीच पिळली जाऊन भिंतीतला जोड तुटू शकतो. मग मात्र टाइल्स फोडण्याला पर्याय नाही. दोन-तीन प्रयत्नांत सुटला नाही तर पुन्हा लिंबूसत्व, पुन्हा थोडा वेळ. तरीही नाही तर मिस्त्रीला बोलवा. यात कमीपणा नाही.

७. आत डोकावा. हा टप्पा बहुतेक जण गाळतात आणि मग 'नवा स्पिंडल टाकला तरी गळतंय' म्हणतात. बॅटरीच्या उजेडात बॉडीतली सीट पाहा. टूथब्रशने साफ करा, करंगळी फिरवा. गुळगुळीत लागली तर उत्तम. खाच लागली तर नवा वायसरही तिथे बसणार नाही. सीट घासून सपाट करायचे छोटे हत्यार मिस्त्रीकडे असते, दहा मिनिटांचे काम. सिरॅमिक स्पिंडलला तळाशी रबरी रिंग असते, ती जिथे टेकते ती जागा साफ हवी. जुन्या स्पिंडलची रिंग आतच चिकटून राहिलेली नाही ना, तेही पाहा. एकावर एक दोन रिंगा झाल्या की गळती पक्की.

८. लाइन धुऊन घ्या. एकाला टाकीच्या कॉकवर उभे करा, स्वतः बादली आणि फडके धरून बसा आणि दोन-तीन सेकंद पाणी सोडायला सांगा. सुटलेला गाळ, क्षारांचे तुकडे बाहेर येतील. सिरॅमिक बसवणार असाल तर हे केलेच पाहिजे. नाहीतर पहिल्याच दिवशी खडा चकत्यांत.

९. नवा स्पिंडल बसवा. तो उघड्या अवस्थेत ठेवून बसवा. बंद ठेवून आवळला तर वायसर सीटवर आधी टेकतो, घासला जातो आणि नव्याचा जुना तिथेच होतो. पहिले दोन-तीन वेढे फक्त बोटांनी. सहज फिरत नसेल तर आटे तिरके लागलेत, काढून पुन्हा लावा. हाताने घट्ट झाला की पान्याने साधारण पाव वेढा, बस्स. आट्यांना इथे टेफ्लॉन टेप लागत नाही, पाणी अडवायचे काम रिंगेचे आहे. रबराला खोबरेल तेल, ग्रीस, व्हॅसलिन लावू नका, तेलाने रबर फुगते. हवेच तर सिलिकॉन ग्रीस.

१०. टेफ्लॉन कुठे? शॉवरची दांडी भिंतीतून काढली असेल तर तिच्या आट्यांवर. आट्यांचे तोंड आपल्याकडे करून घड्याळाच्या दिशेने सहा ते आठ वेढे. उलटे गुंडाळले तर आवळताना टेप सुटून येते. या टेपचे मटेरियल पीटीएफई रॉय प्लंकेटला १९३८ साली ड्यूपाँटच्या प्रयोगशाळेत अपघाताने सापडले. त्याआधी आट्यांवर दोरा आणि सफेदा लावत, आणि जुने मिस्त्री अजूनही त्यावरच जास्त विश्वास ठेवतात!

११. पाणी सोडा. चावी थोडी उघडी ठेवून टाकीचा कॉक हळूहळू उघडा. लाइनमध्ये हवा असते, ती फुरफुरत निघून जाऊ द्या. एकदम उघडल्यास पाण्याचा तडाखा जोडांना बसतो. वॉटर हॅमर फक्त पेनस्टॉकमध्ये असतो असे नाही. मग चावी बंद करा, स्पिंडलभोवती वर्तमानपत्राचा कोरडा तुकडा धरा. पंधरा मिनिटांनी कागद कोरडा आणि शॉवर गप्प असेल तर वाटी आणि चावी बसवा. झाले!

जुना स्पिंडल फेकू नका. तो पुढच्या वेळचा नमुना. आणि फारच झाले तर पितळ आहे, भंगारवाला वजनावर घेतो.

मिस्त्रीला कधी बोलवायचे?

भिंतीवर ओल येत असेल, टाइल्समधून पाणी झिरपत असेल, बॉडीला चीर असेल, बॉडीचे आटे गेले असतील किंवा टाकीचा मुख्य कॉकच बंद होत नसेल तर हे घरगुती काम राहत नाही. व्हॉल्व्ह पूर्ण बंद असताना खालच्या घराच्या छताला ओल येत असेल तर दोष स्पिंडलमध्ये नसून भिंतीतल्या जोडात आहे. अशा वेळी नवे स्पिंडल टाकत बसणे म्हणजे पोटदुखीला डोकेदुखीची गोळी.

मिस्त्री काम करत असताना शेजारी उभे राहा आणि बघा. तो कॉक बंद करण्याआधी कुठले नळ उघडतो, पाना कसा धरतो, किती आवळल्यावर थांबतो. 'किती आवळल्यावर थांबायचे' हे कुठल्याच पुस्तकात नाही. ते त्याच्या मनगटात असते.

हॉस्टेलवाल्यांसाठी खास

हे वाचून हॉस्टेलचा शॉवर खोलायला धावू नका! तिथे एका कॉकवर अख्खा मजला असतो. तुम्ही पाणी बंद केलेत आणि शेजारच्या बाथरूममध्ये कोणी डोक्याला साबण लावून उभा असेल, तर पुढचे सेमिस्टर अवघड जाईल. तिथले काम मेंटेनन्सच्या माणसाचे आणि परवानगी रेक्टर सरांची.

पण आपले एक काम आहेच, ते म्हणजे नीट तक्रार लिहिणे. रजिस्टरमध्ये आपण लिहितो, "नळ खराब आहे." कुठला नळ? काय खराब? मेंटेनन्सचे काका तीन मजले चढून येतात, बावीस नळ तपासतात, हवा तो स्पिंडल जवळ नसतो म्हणून परत जातात आणि नळ महिनाभर गळत राहतो. त्याऐवजी असे लिहा : "दुसरा मजला, पूर्व बाजू, डावीकडून तिसरे बाथरूम. शॉवरची गरम पाण्याची चावी पूर्ण बंद करूनही धार. दहा मिनिटांत एक लिटर. चावी क्वार्टर टर्नची. तारीख अमुक." काका येतानाच बरोबर स्पिंडल घेऊन येतील. एका फेरीत काम होईल. दहा मिनिटांत एक लिटर हे मोजायला एक तांब्या आणि मोबाईलमधले घड्याळ लागते, आणि तेवढा आकडा लिहिला की ऑफिसलाही ही तक्रार आज घ्यायची की पुढच्या आठवड्यात ते ठरवता येते.

स्टाफसाठी एक नम्र सूचना. सगळ्या मजल्यांवर शक्यतो एकाच प्रकारचे व्हॉल्व्ह असावेत आणि स्टोअरमध्ये डाव्या-उजव्या बाजूचे चार-चार स्पिंडल कायम असावेत. उन्हाळ्याच्या सुट्टीत टाक्या धुऊन घेतल्या की पावसाळ्यात व्हॉल्व्ह कमी जातात. आणि प्रत्येक मजल्याच्या कॉकवर तो कुठल्या बाथरूमचा आहे याची रंगाने खूण असली तर एका शॉवरसाठी सगळ्यांचे पाणी बंद करावे लागणार नाही.

जाता जाता

नव्या व्हॉल्व्हचे आयुष्य वाढवायचे तर फार काही लागत नाही. पाणी थांबले की हात थांबवा. चावी आठवड्यातून एकदा पूर्ण उघडून पूर्ण बंद करा, म्हणजे क्षार धरत नाहीत. टाकीखालचे कॉकही महिन्यातून एकदा फिरवत जा, नाहीतर गरजेच्या वेळी ते जागचे हलत नाहीत. जाळी दोन-तीन महिन्यांनी लिंबूसत्वात बुडवा.

अक्कलकोटच्या गल्लीत एका घरात मराठी बोलतात, दुसऱ्यात कन्नड. नळ मात्र दोन्हीकडे एकाच भाषेत टपटपतो, आणि तो काय म्हणतो ते समजायला आता तुम्हाला अडचण नाही. येत्या सुट्टीत घरी गेल्यावर आई शॉवरबद्दल बोलली, तर फोन शोधू नका. आधी गच्चीवर जाऊन टाकीचा कॉक फिरतो का ते बघून या.